दाते कोणत्या बाजूला

दरवर्षी दुसऱ्या वर्षाच्या वर्गावर मी फळ्याच्या मधोमध एक उभी, वाकडीतिकडी रेघ काढतो. डावीकडे समुद्र लिहितो, उजवीकडे जमीन. समुद्राचा तळ या रेघेपाशी वाकून जमिनीखाली शिरतोय, असं सांगतो आणि खडू पुढे करतो. "या, दाते काढा." कोणीतरी उठून येतं. निम्म्याहून अधिक वेळा दाते समुद्राच्या बाजूला निघतात. वर्ग हसतो, काढणारा ओशाळतो, आणि मी म्हणतो, "हसू नका. ही चूक माझ्याकडूनही झालेली आहे."

एवढं बोलून मी थांबतो. पंचवीस-तीस वर्षं मी नेमका तिथंच थांबत आलो आहे. पुढचं वाक्य असं आहे, की माझ्या चुकीची शिक्षा दुसऱ्याने भोगली. ते मी वर्गात कधी उच्चारलेलं नाही.

ज्यांचा या विषयाशी संबंध नाही त्यांच्यासाठी थोडं सांगायला हवं. पृथ्वीचं कवच अखंड नाही. त्याचे मोठमोठे तुकडे आहेत, त्यांना भूपट्ट म्हणतात. दोन भूपट्ट एकमेकांवर चालून आले की एक वाकून दुसऱ्याच्या खाली जातो. जिथं तो जातो त्या पट्ट्याला सबडक्शन झोन म्हणतात. मराठी पुस्तकांत त्याला अधोगमन क्षेत्र असा शब्द आहे, पण वर्गात तो कोणी वापरत नाही. आता 'इथं सबडक्शन आहे' एवढ्यावर भागत नाही. कोण खाली जातंय आणि कोण वर राहतंय, हे सांगावं लागतं. त्याला सबडक्शनची पोलॅरिटी म्हणतात. पोलॅरिटी पूर्वेकडे आहे असं लिहिलं, तर खाली जाणारा भूपट्ट पूर्वेच्या दिशेने तिरपा उतरत गेला आहे असं समजायचं. म्हणजे पश्चिमेकडचा पूर्वेकडच्याखाली गेला. पुष्कळजण ते नेमकं उलटं वाचतात, म्हणून हल्ली जाणते लोक हा शब्दच टाळतात आणि सरळ 'पूर्वेकडे उतरणारा' असं लिहितात. नकाशावर तेवढी जागा नसते. तिथं रेघेला करवतीसारखे काळे त्रिकोणी दाते काढतात. दाते वर राहणाऱ्या भूपट्टावर काढायचे, आणि त्यांची टोकं ज्या दिशेला असतील त्या दिशेला खालचा भूपट्ट उतरत गेला असं मानायचं. नियम एवढाच आहे. मला तो माहीत नव्हता, आणि आपल्याला तो माहीत नाही हेही माहीत नव्हतं.

मी देवगाव रंगारीचा. घरी शेती. आमच्या घरातून एम.एस्सी. झालेला मी पहिला, आणि ते मी कोणाला विसरू देत नसे. एम.एस्सी.ला आम्हाला भूपट्टांचा सिद्धान्त शेवटच्या आठवड्यात, परीक्षेला येणार नाही या बोलीवर, दोन तासांत उरकलेला. औरंगाबादच्या एका कॉलेजात लागलो त्याच वर्षी तो अभ्यासक्रमात आला. विभागप्रमुख म्हणाले, "तुम्ही नवे, विषयही नवा. घ्या तुम्हीच." माझी नेमणूक अजून कायम व्हायची होती. नाही म्हणण्याचा प्रश्न नव्हता, आणि खरं सांगायचं तर मला नाही म्हणायचंही नव्हतं.

आमच्या विभागात एक नकाशे काढणारे गृहस्थ होते. आम्ही त्यांना चाचा म्हणायचो. विभागप्रमुख 'मियाँ' म्हणायचे. उत्तरेकडच्या खिडकीखाली त्यांचं उतरतं टेबल होतं. मिसरूड फुटायच्या वयात ते निजामाच्या मोजणी खात्यात उमेदवार म्हणून लागले होते, साखळी ओढत गावोगाव हिंडले होते. अठ्ठेचाळीसच्या पोलीस ॲक्शनमध्ये निजामाचं राज्य गेलं, आणि त्यांची कचेरीच राहिली नाही. काही वर्षं घरी बसले. अक्षर मोत्यासारखं, पण सगळं उर्दूत. मग गुलमंडीवर दुकानांच्या पाट्या रंगवणाऱ्याच्या हाताखाली राहून ते देवनागरी शिकले. "मात्रा-वेलांटी मैं दुकानां गिन-गिन के सीखा सर," ते सांगायचे. "आधा शहर मेरी गलतियां पढ़ के सौदा लिया." त्यानंतर कधीतरी ते कॉलेजात आले.

काम करण्याची त्यांची एक रीत होती, ती मोजणी खात्यातली. आधी पूर्ण नकाशा पेन्सिलीने काढायचा. ज्याने काम दिलं त्याने तो तपासून खाली सही करायची. सही झाल्याशिवाय ते शाईची बाटली उघडत नसत, मग समोर प्राचार्य असोत. "सियाही मतलब निकाह है सर. पहले कुबूल बोलो, फिर मैं कलम उठाता." सही केलेले पेन्सिलचे कागद ते वर्षवारी बांधून टेबलाच्या खणात ठेवत. शाईचा नकाशा पुरा झाला की उजव्या कोपऱ्यात, खसखशीएवढ्या अक्षरांत, आपलं नाव घालत. कॉलेजात ते नाव कोणी वाचत नव्हतं. पण ते घातल्याशिवाय त्यांच्या दृष्टीने नकाशा संपत नसे.

त्यांच्या निवृत्तीला दोन-अडीच वर्षं उरली होती, आणि त्यांना एकच गोष्ट हवी होती. जिल्ह्याचा भिंतीवरचा भूशास्त्रीय नकाशा. आमच्याकडे सगळा काळा पाषाण. वरवर पाहणाऱ्याला त्यात नकाशा काढण्यासारखं काही दिसत नाही. पण लाव्ह्याचे थर एकावर एक आहेत, कुठं पोकळ, कुठं घट्ट, मध्येच तांबड्या मातीचा पट्टा. विहिरीला पाणी कुठं लागणार ते त्यावर ठरतं. चाचा रविवारी सायकल घेऊन निघत. वेरूळच्या घाटात, अजिंठ्याच्या उतारावर, वाटेतल्या विहिरींत वाकून बघत, आणि उर्दूत वह्या भरत. विभागप्रमुखांनी त्यांना कबूल केलं होतं, की हे काम तुम्हालाच. "बाकी सब सर लोगां के नक्शे," ते मला म्हणाले होते, "ये एक मेरा."

त्या उन्हाळ्यात मराठवाड्यातल्या प्राध्यापकांसाठी आमच्या कॉलेजात उजळणी वर्ग भरणार होता. भूपट्टांवरचे मोठे तक्ते माझ्याकडे आले. जगाच्या नकाशावर सगळे सबडक्शन झोन दाखवायचे होते. मी एका कागदावर कच्चं काढून चाचांना दिलं. दोन दिवसांनी त्यांनी मला टेबलापाशी बोलावलं. पेन्सिलीचं काम पुरं झालं होतं. शेजारी ग्रंथालयातलं इंग्रजी पुस्तक उघडं होतं. किनारे उतरवायला आणलेलं.

"सर, ये दांते समंदर की तरफ लगाने के?"

"हो."

"किताब में जमीन की तरफ हैं."

मी पुस्तकाकडे धड बघितलंही नाही. बोटाएवढं चित्र होतं, त्यात छपाई काळवंडलेली.

"चाचा, जे आत शिरतं त्याला दात असतात. फाळ कशाला असतो, नांगराला का जमिनीला?"

"नांगर कू."

"मग झालं. समुद्राचा तळ आत शिरतोय. दात त्यालाच पाहिजेत."

ते थोडं हसले. "बात तो बराबर लगती. पर मैं किसान नै ना सर, नक्शेवाला आदमी. जो छपा सो देखता. एक बार बड़े साब कू पूछ लेते?"

हे मला लागलं. एम.एस्सी. मी झालो होतो. विभागप्रमुख जुन्या शिक्षणाचे, त्यांना या विषयातलं ओ की ठो कळत नव्हतं, आणि त्यांना विचारायला मला एक नकाशेवाला सांगत होता. "छापलेलं चुकतं कधी कधी," मी म्हणालो. "तुम्ही मी सांगतो तसं करा."

"हौ. तो दस्तखत मारो."

मी सही केली. तारीखसुद्धा घातली.

उजळणी वर्गाच्या पहिल्याच दिवशी बाहेरगावाहून आलेले एक नावाजलेले प्राध्यापक तक्ते बघत बघत माझ्या तक्त्यापाशी थांबले. चष्मा वर केला, पुन्हा खाली घेतला आणि मोठ्याने म्हणाले, "वा! दक्षिण अमेरिका निघाली की हो पॅसिफिकच्या खाली! जपानही निघाला! एवढी घाई कसली झाली सगळ्यांना?" जमलेले पंधरा-वीस प्राध्यापक हसले. त्यातल्या निम्म्यांना काय चुकलंय ते कळलं नसावं, असं मला आजही वाटतं. मला मात्र त्याच क्षणी कळलं. पुस्तकातलं ते काळवंडलेलं चित्र डोळ्यांपुढे आलं.

विभागप्रमुखांचा चेहरा उतरला. ते माझ्याकडे वळले. "कोणी काढला हा?"

"चाचांनी काढला, सर."

या वाक्यातला शब्द न् शब्द खरा होता. म्हणूनच ते माझ्या तोंडून इतकं सहज निघालं असणार.

"मियाँ!"

चाचा हॉलच्या दुसऱ्या टोकाला एक तक्ता लावत होते. तोंडात टाचण्या होत्या. ते आले, एकेक टाचणी तोंडातून काढून तळहातावर ठेवली, तक्त्याकडे बघितलं. मग एकदा माझ्याकडे. किती वेळ, ते सांगता येणार नाही. मी खाली बघत होतो.

"जी साब. गलती हो गई."

"गलती? उतरवून काढायचं तेही जमेना? का उर्दू वाटली तुम्हाला, उजवीकडून डावीकडे?"

आता सगळे मोकळेपणाने हसले, कारण हा विनोद सगळ्यांना कळण्यासारखा होता. मीही हसलो. ही ओळ लिहिताना मी दोनदा उठून आलो आहे. मी घाबरून गप्प राहिलो असं मी स्वतःला बरीच वर्षं सांगत होतो. पण घाबरलेला माणूस गप्प बसतो. मी हसलो होतो.

जेवणाच्या सुट्टीत चाचांनी तक्ता खाली उतरवला, जमिनीवर अंथरला, आणि ब्लेडने एकेक दाता खरवडायला बसले. जाड कागद, पक्की काळी शाई. कागद फाटू न देता शाई तेवढी उचलायची म्हणजे श्वास धरून करायचं काम. शेकडो दाते होते. मी त्यांच्याशेजारी उकिडवा बसलो.

"द्या चाचा, मी पण करतो."

"नक्को सर. तुमे ये काम कब्बी किए नै. कागज फाट जाएगा."

त्यात राग नव्हता. संध्याकाळपर्यंत त्यांनी जमिनीच्या बाजूला सगळे दाते नव्याने काढले. जुन्या दात्यांच्या जागी कागद खरबरीत, फिका झाला होता. कोपऱ्यातलं आपलं नाव त्यांनी तेव्हाच खरवडून टाकलं होतं, हे माझ्या दुसऱ्या दिवशी लक्षात आलं.

पुढचे काही दिवस मला झोप नव्हती, आणि ती पश्चात्तापाने गेली होती असं म्हटलं तर ते खोटं होईल. मला भीती होती ती खणातल्या सही केलेल्या कागदाची. शेवटी मीच विषय काढला. "चाचा, त्या नकाशाचा पेन्सिलचा कागद..."

"है ना. रखा हूँ."

"कोणाला दाखवलात का?"

त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं. "मांगा किसने, सर?"

खरंच, कोणी मागितला नव्हता. साऱ्या जन्मात ज्यांनी सहीशिवाय शाई उघडली नाही, त्यांना एकानेही विचारलं नाही, की मियाँ, पेन्सिलवर सही कोणाची होती? विभागप्रमुखांना ती रीत पक्की माहीत होती. त्यांच्याही सह्या त्या खणात होत्या. आणि चाचा आपण होऊन कागद घेऊन गेले असते तर? तर एका प्राध्यापकाविरुद्ध एक नकाशेवाला उभा राहिला असता. त्यातून तो नकाशेवाला कोण, कुठला, हे त्या काळात आणि त्या विभागात कोणी विसरलं नसतं. चाचांना हे माझ्यापेक्षा चांगलं कळत होतं. पोलीस ॲक्शननंतर ते ज्या शहरात राहिले तिथं आपण होऊन कागद दाखवायला जायचं नाही, एवढं ते शिकलेले होते.

पावसाळ्यात विभागप्रमुखांनी ठरवलं, की जिल्ह्याचा नकाशा बाहेरच्या एका चित्रकाराकडून करून घ्यायचा. "मियाँचं आता वय झालं. नजर चुकते. ते दगडांच्या चिठ्ठ्या लिहितील." दगडांच्या चिठ्ठ्या म्हणजे कपाटातल्या नमुन्यांवर चिकटवायची नावं. बेसॉल्ट, बेसॉल्ट, गारगोटी, बेसॉल्ट.

त्या आठवड्यात चाचा माझ्याकडे आले. आम्ही एकत्र होतो तेवढ्या वर्षांत त्यांनी माझ्याकडे काही मागितलं ते हेच एकदा. आणि मागितलं तेही किती थोडं! 'खरं सांगा' असं म्हणाले नाहीत.

"सर, नक्शे का काम जा रहा मेरे हाथ से. तुमे एक बार साब कू बोल के देखते क्या? बोलना, मियाँ की नजर अच्छी है बोलके. बस इतनाच."

"बोलतो ना चाचा. फक्त माझं कायम झाल्याचं पत्र येऊ द्या. मग बघा, सगळंच सांगतो."

"हौ, हौ. पहले नौकरी. बराबर है." आणि जाता जाता म्हणाले, "पर चित्रवाले कू साब दिवाली के बाद कागज देने वाले."

मुदत त्यांनी मला अशी स्वच्छ सांगितली होती. पत्र दिवाळीच्या आधी आलं. मी विभागात पेढे वाटले. चाचांनी पेढा घेतला, "मुबारक" म्हणाले, आणि माझ्याकडे बघत उभे राहिले. मी पुढच्या टेबलाकडे गेलो.

त्यानंतरची माझी कारणं मी पाठ म्हणू शकतो. लगेच कसं सांगायचं, आताच तर कायम झालो. सुट्टी संपू दे. प्रमुखांच्या घरी लग्न आहे, ते होऊ दे. मग चित्रकाराने काम सुरू केलं, आणि मग सर्वांत सोयीचं कारण आलं: आता सांगून उपयोग काय?

चाचांना त्यांच्या वह्या चित्रकाराच्या हवाली करायला सांगितलं गेलं. त्यांनी केल्या. चित्रकाराला उर्दू येत नव्हती. "हे काय किडे-मुंग्या," म्हणून त्याने त्या परत धाडल्या, त्या विभागातल्या कपाटावर काही दिवस दिसत होत्या, नंतर रंगरंगोटीच्या वेळी गेल्या. नकाशा झाला. सुरेख दिसतो. वेरूळपासून अजिंठ्यापर्यंत सगळा जिल्हा एकाच हिरव्या रंगात. थर नाहीत, तांबडी माती नाही. आमच्या देवगावच्या विहिरींना पाणी का लागतं आणि दोन कोसांवर का लागत नाही, हे त्यातून कोणालाही कळणार नाही. तो अजून भिंतीवर आहे. त्याखाली उभं राहून मी शिकवतो.

कधी कधी हुशार विद्यार्थी सबडक्शनचं उदाहरण माणसांना लावतात. निबंधात लिहितात, समाजातही काही वर राहतात, काही खाली दाबले जातात. मी ती ओळ खोडतो. भूपट्ट खाली जातो तो जुना, थंड आणि जड झालेला असतो म्हणून, स्वतःच्या वजनाने. त्याला कोणी ढकलत नाही. वर राहणाऱ्याला वर राहण्यासाठी काही करावं लागत नाही, कोणाकडे बघून हसावं लागत नाही. ही तुलना खडकांवर अन्याय करते. हे मी समासात लिहीत नाही. नुसती ओळ खोडतो.

चाचा निवृत्त झाले त्या दिवशी विभागात शाल-श्रीफळ झालं. विभागप्रमुख बोलले. चांगलंच बोलले, आणि शेवटी डोळे मिचकावून म्हणाले, "एकदाच काय ते चुकले. आमची दक्षिण अमेरिका बुडवली होती!" सगळे हसले. चाचाही हसले, शालीचं टोक सावरत. त्यांच्यानंतर बोलायची पाळी माझी होती.

पाच माणसांची ती खोली. जिल्ह्याचा नकाशा गेलाच होता, पण नाव अजून परत देता येत होतं. देणारा मी एकटाच होतो. मी उभा राहिलो. "चाचांच्या अक्षराबद्दल मी काय बोलावं," असं म्हणालो आणि दहा मिनिटं त्यांच्या अक्षराबद्दल बोललो. टाळ्या पडल्या.

पुढे सात-आठ वर्षांनी, विभागप्रमुखही निवृत्त झाल्यावर, एका दुपारी मी किराडपुऱ्यात चाचांचं घर शोधत गेलो. ते दारात खुर्ची टाकून बसले होते. हात थरथरायला लागला होता, लिहिणं सुटलं होतं. मी एका दमात सगळं बोलून टाकलं. पुस्तक तुम्ही दाखवलं होतं, सही माझी होती, मी खोटं वागलो, मी हसलोसुद्धा. बोलता बोलता मी रडायला लागलो, आणि आता लिहिताना जाणवतं, की त्या रडण्यात मला बरं वाटत होतं.

त्यांनी आतून पाणी मागवलं. मी पिऊन होईपर्यंत थांबले.

"ये सब मेरेकू मालूमच है ना, सर. मैं तो वहींच खड़ा था." मग हळूच म्हणाले, "जिनकू नै मालूम, उनकू बोलो."

"बोलतो, चाचा."

"हौ."

मी खरंच गेलो होतो एकदा. विभागप्रमुखांच्या बंगल्याच्या फाटकापर्यंत. ते झाडांना पाणी घालत होते. "या, या!" म्हणाले. गुडघ्यांबद्दल बोललो, पाण्याच्या टंचाईबद्दल बोललो. त्यांनी पेरू दिले, ते घेऊन परत आलो. वर्षभरात ते वारले. त्यानंतर चाचा गेले, ते मला दोन महिन्यांनी कळलं, तेही बँकेच्या रांगेत. तोवर मी स्वतः विभागप्रमुख झालो होतो. आता विभागात सगळी नवी माणसं आहेत. चाचा कोण, हे त्यांना माहीत नाही. एकदा चहाच्या वेळी मी त्यांना सांगायला सुरुवात केली. एकजण म्हणाला, "सर, नकाशे हातानं काढायचे तेव्हा?" आणि बोलणं संगणकावर गेलं. ज्यांना खोटं माहीत होतं ते उरले नव्हते; ज्यांना खरं सांगायचं त्यांना खोटंच माहीत नव्हतं.

म्हणून लिहायचं ठरवलं. नावानिशी, छापून. लिहून झाल्यावर चाचांच्या मुलीकडे गेलो. त्या उर्दू शाळेतून शिक्षिका म्हणून निवृत्त झालेल्या आहेत. मराठी उत्तम वाचतात. सगळं त्यांनी माझ्यासमोर, चष्मा पुसत पुसत, शेवटपर्यंत वाचलं. कागद सारखे करून माझ्या हातात दिले.

"अब्बानं घरी कधी सांगितलं नाही हे," त्या म्हणाल्या. "आम्हाला वाटायचं, नक्शे का शौक उतर गया."

"मला त्यांचं नाव परत द्यायचंय, मॅडम. म्हणून पूर्ण नाव घातलंय."

"ते काढा."

"का? चूक त्यांची नव्हती, हेच तर लिहिलंय."

"सर, मैं तीस साल बच्चे पढ़ाई. पढ़ने वाले कू कितना याद रहता, मेरेकू मालूम है. इतनाच याद रहता, की एक नक्शा गलत था और नाम ये था. अब्बानं एकदा आपल्या हातानं ते नाव खरवडलं ना? यात तुम्हीच तसं लिहिलंय. आता तुम्ही परत घालू नका."

मी म्हणालो, त्या वेळीच सांगितलं असतं तर...

"उस वक्त बोलते तो नाम रहता," त्या म्हणाल्या. "अब नक्को."

चहा घेतला. निघताना त्यांनी दारापर्यंत सोडलं, आणि मी पायरी उतरत असताना म्हणाल्या, "तुमारा नाम तुमे देखो."

घरी येऊन मी सगळा मजकूर पुन्हा उतरवून काढला. चाचांचं नाव काढलं. मग त्यांच्या मुलीचं, मग विभागप्रमुखांचं, मग कॉलेजचं. शेवटी माझंही काढलं. ते काढायला मला कोणीच सांगितलं नव्हतं.